राउल कुतार : रणभूमीवर घडलेली नजर

फ्रेंच छायालेखक आणि दिग्दर्शक राउल कुतार (१९२४-२०१६) यांची नजर घडली ती इंडोचायनाच्या युद्धभूमीवर, लष्करी छायाचित्रकार म्हणून. मिळेल त्या प्रकाशात झटपट काम उरकण्याची तेथली सवय झाँ-लुक गोदारच्या 'ब्रेथलेस' (१९६०) या चित्रपटात कामी आली. दिव्यांचा लवाजमा टाळून, चाकांच्या खुर्चीत बसून त्यांनी पॅरिसचे रस्ते चित्रित केले. त्रुफोचा कृष्णधवल 'ज्यूल अँड जिम' (१९६२), गोदारचाच रंगीत 'कंटेम्प्ट' (१९६३) आणि कोस्टा-गाव्रास यांचा राजकीय थरारपट 'झेड' (१९६९) त्यांच्या अष्टपैलुत्वाची साक्ष देतात. 'होआ-बिन्ह' (१९७०) हा त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट. कान महोत्सवात त्याला पदार्पणाचा पुरस्कार लाभला. एकेकाळी फ्रेंच लष्करासाठी टिपलेल्या त्याच भूमीवरील युद्ध त्यांनी येथे एका व्हिएतनामी मुलाच्या कहाणीतून मांडले.