चिचेन इत्झा : चुनखडी, पाणी आणि एका दिवसाची सहल

मेक्सिकोच्या आग्नेय टोकाला असलेल्या युकातान द्वीपकल्पाच्या उत्तर भागाचा नकाशा पाहिला, की एक गोष्ट चटकन ध्यानात येते. त्यावर नदीच नाही. पाऊस पुरेसा पडतो. पण येथील चुनखडीचा सच्छिद्र खडक त्याला जमिनीवर ठरू देत नाही. पाणी झिरपून भूगर्भात उतरते आणि तेथील गुहांच्या जाळ्यातून वाहत समुद्राला जाऊन मिळते. सिंधू, नाईल, गोदावरी अशा नद्यांच्या काठी बहरलेल्या संस्कृतींची आपल्याला ओळख असते. नदीविना उभ्या राहिलेल्या नगरांची कथा मात्र वेगळी आहे आणि चिचेन इत्झा हे त्या कथेतील सर्वांत प्रसिद्ध प्रकरण होय.

जागतिक व्यापार संघटनेच्या २००३ सालच्या परिषदेमुळे मराठी वाचकांना परिचित झालेले कॅनकून हे किनारी शहर येथून सुमारे २०० किलोमीटरवर आहे. अमेरिकेत स्थायिक झालेली अनेक मराठी कुटुंबे सुट्टीसाठी तेथे जातात आणि त्यातील एक दिवस चिचेन इत्झासाठी राखून ठेवतात. या दिवसभराच्या मार्गदर्शित सहलीत बहुधा तीन गोष्टी असतात : माया अवशेषांचे दर्शन, युकाताना पद्धतीचे भोजन आणि 'सेनोटे' नावाच्या नैसर्गिक जलकुंडात पोहणे. सहल कंपन्यांच्या पत्रकात ही तीन निरनिराळी आकर्षणे म्हणून मांडलेली असतात. वस्तुतः ती एकाच चुनखडीची आणि तिच्याखालील एकाच पाण्याची तीन रूपे आहेत.

विहिरीच्या मुखाशी

चिचेन इत्झा या नावाचा अर्थच 'इत्झांच्या विहिरीच्या मुखाशी' असा आहे. इत्झा हे येथील माया समूहाचे नाव. हे नगर इ. स. ६०० ते १००० या काळात भरभराटीला आले. वेरूळचे कैलास लेणे कोरले जात होते, त्या आठव्या शतकात येथेही दगड घडवला जात होता. १९८८ साली युनेस्कोने या स्थळाचा जागतिक वारशाच्या यादीत समावेश केला. २००७ साली जगभरातील मतदानातून जी नवी सात आश्चर्ये निवडली गेली, त्यांत ताजमहालासोबत चिचेन इत्झाचेही नाव होते.

प्रवेशद्वारातून आत गेल्यावर समोर येतो तो 'एल कास्तियो' हा पायऱ्यापायऱ्यांचा पिरॅमिड. वरच्या मंदिरासह त्याची उंची सुमारे ३० मीटर आहे. कुकुल्कान या पिसेधारी सर्पदेवतेचे हे मंदिर. चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या आणि त्यावर माथ्याची एक, अशी बेरीज केली की ३६५ ही संख्या येते. मार्च आणि सप्टेंबरमधील विषुवदिनांच्या सुमारास मावळतीच्या उन्हात उत्तरेकडील जिन्याच्या कठड्यावर त्रिकोणी प्रकाशखंडांची माळ उमटते. ती पायथ्याच्या दगडी सर्पमुखाला जाऊन मिळते, तेव्हा साप खाली उतरत असल्याचा भास होतो. या दिवसांत तेथे प्रचंड गर्दी लोटते. पूर्वी पर्यटकांना पिरॅमिडवर चढता येत असे; आता ते अनेक वर्षांपासून बंद आहे.

जवळच असलेले चेंडूफळीचे मैदान सुमारे १६८ मीटर लांब आणि ७० मीटर रुंद आहे. त्याच्या भिंतींवर उंच बसवलेली दगडी कडी आणि खेळाडूच्या शिरच्छेदाचे शिल्पपट पाहिल्यावर हा केवळ करमणुकीचा खेळ नव्हता, हे कळते. दक्षिणेकडे 'एल काराकोल' ही गोल इमारत आहे. तिच्या खिडक्यांतून शुक्राच्या उदयास्तांची निरीक्षणे होत असावीत, असे अभ्यासक मानतात. शुक्राचे सुमारे ५८४ दिवसांचे चक्र माया ज्योतिर्विदांना उत्तम अवगत होते. वीस या पायावर आधारलेली त्यांची अंकपद्धती होती आणि तीत शून्यासाठी शिंपल्यासारखे स्वतंत्र चिन्ह होते. शून्याची कल्पना भारतात आणि येथे परस्परांच्या संपर्काविना, स्वतंत्रपणे आकाराला आली.

येथे एका गैरसमजाचा उल्लेख आवश्यक आहे. 'माया' या नावाचा संबंध आपल्या मयासुराशी जोडण्याची हौस भारतीय पर्यटकांत आढळते. नामसाम्यापलीकडे या कल्पनेला भाषाशास्त्राचा किंवा पुरातत्त्वाचा कोणताही आधार नाही. २१ डिसेंबर २०१२ रोजी जग बुडणार, या भाकिताचेही तसेच. त्या दिवशी माया कालगणनेतील एक दीर्घ आवर्तन पूर्ण झाले एवढेच. प्रलयाचे भाकीत ही आधुनिक काळाची भर होती.

बळींची कथा आणि नवे संशोधन

पिरॅमिडपासून उत्तरेकडे जाणारा जुना रस्ता 'पवित्र सेनोटे'पाशी संपतो. सुमारे ६० मीटर व्यासाचे हे कुंड पिण्याच्या पाण्यासाठी नव्हे, तर पर्जन्यदेव चाक याला अर्पण करण्यासाठी होते. एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकी वाणिज्यदूताने १८९४ मध्ये ही जमीन विकत घेतली आणि १९०४ पासून कुंडाचा तळ उपसला. सोने, हिरवा जेड दगड, धूप आणि माणसांच्या अस्थी बाहेर आल्या. त्यांतील बराच ऐवज हार्वर्ड विद्यापीठाच्या पीबॉडी संग्रहालयात पोहोचला.

या कुंडात सुंदर कुमारिकांना ढकलले जाई, ही कथा आजही पर्यटकांना रंगवून सांगितली जाते. वास्तविक कुंडातील अस्थींत पुरुष, स्त्रिया आणि मुले अशा सर्वांचे अवशेष आढळले. कुंडाजवळच्या एका भूमिगत टाक्यात १९६७ साली शंभराहून अधिक बालकांच्या अस्थी सापडल्या होत्या. त्यांपैकी ६४ जणांच्या जनुकीय तपासणीचे निष्कर्ष जून २०२४ मध्ये 'नेचर' या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. ही सर्व बालके मुलगे होती. त्यांत अनेक जण परस्परांचे निकटचे नातलग होते आणि एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्याही होत्या. माया पुराणकथांत जुळ्या वीरांना असलेले स्थान पाहता हा योगायोग वाटत नाही.

याच संशोधनाचा दुसरा निष्कर्ष अधिक मोलाचा आहे. परिसरातील आजच्या माया रहिवाशांच्या जनुकांशी या बालकांची तुलना केली असता, दोहोंत सातत्य दिसून आले. माया लोक गूढरीत्या 'लुप्त' झाले, हे सहलीत कानावर पडणारे वाक्य म्हणूनच खरे नाही. नगरे ओस पडली, राजवटी बदलल्या. लोक मात्र तेथेच राहिले. १५६२ साली मानी गावी दिएगो दे लांदा या स्पॅनिश धर्मोपदेशकाने त्यांच्या पोथ्या जाळल्या, तरी त्यांची भाषा टिकली. मेक्सिकोच्या २०२० सालच्या जनगणनेनुसार युकातेक माया बोलणाऱ्यांची संख्या साडेसात लाखांहून अधिक आहे. सहलीचा वाटाड्या, जेवण रांधणारी स्त्री आणि अवशेषांच्या वाटेवर लाकडी मुखवटे विकणारा कारागीर हे पुष्कळदा त्यांच्यापैकीच असतात.

चुन्याच्या निवळीतला मका

दुपारच्या भोजनातही हीच चुनखडी भेटते. ती भाजून केलेला चुना माया लोकांनी भिंतींच्या गिलाव्यासाठी वापरला, तसाच मका शिजवण्यासाठीही वापरला. चुन्याच्या पाण्यात उकळल्याने मक्याची साल सुटते, पीठ मळण्याजोगे होते आणि मक्यातील नायसिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळू शकते. युरोपने मका नेला, पण ही रीत नेली नाही. परिणामी केवळ मक्यावर जगणाऱ्या गरिबांत पेलाग्रा हा रोग पसरला. या पिठाच्या तोर्तिया, म्हणजे लहान पातळ भाकऱ्या, हा येथील जेवणाचा पाया आहे.

सर्वांत नावाजलेला पदार्थ 'कोचिनिता पिबिल'. 'पिब' म्हणजे जमिनीत खणलेली भट्टी. आचिओतेच्या बियांचे लाल वाटण आणि आंबट संत्र्याचा रस चोळून डुकराचे मांस केळीच्या पानात गुंडाळतात आणि भट्टीत मंद आचेवर तासन् तास शिजवतात. आचिओते म्हणजे आपल्याकडे शेंद्री या नावाने ओळखले जाणारे झाड. ते मूळचे अमेरिका खंडातलेच. उलट डुक्कर, आंबट संत्रे आणि केळीचे पान या तिन्ही गोष्टी तेथे गेल्या त्या स्पॅनिश लोकांच्या आगमनानंतर. भट्टी आणि रंग माया लोकांचा, बाकीचे समुद्रापलीकडले, असा हा पदार्थ आहे. ज्या मिरचीवाचून आपले पान हलत नाही, तीही अमेरिका खंडातूनच पोर्तुगिजांमार्फत आपल्याकडे आली. येथील हाबानेरो जातीची मिरची मात्र जपूनच चाखावी.

डुकराचे मांस न खाणाऱ्यांना याच पद्धतीने केलेली कोंबडी मिळते. 'सोपा दे लीमा' हे लिंबाच्या आंबट चवीचे सूप कोंबडी किंवा टर्कीचे असते. 'पापाद्झुलेस' या पदार्थात उकडलेली अंडी तोर्तियात गुंडाळून त्यावर भोपळ्याच्या बियांचे सार ओततात. संपूर्ण शाकाहारी मंडळींनी मात्र विशेष सावध राहावे. काळ्या घेवड्याची उसळ दिसायला शाकाहारी असली, तरी ती पुष्कळदा डुकराच्या चरबीत परतलेली असते. 'सिन कार्ने' म्हणजे मांसाविना आणि 'सिन मान्तेका' म्हणजे चरबीविना, हे दोन स्पॅनिश शब्दप्रयोग पाठ असले तर बरीच अडचण टळते.

जे कुंड, तेच पाणवठे

तिसरा टप्पा पोहण्याचा. गुहेचे छत कोसळून भूगर्भातील पाणी उघडे पडले, की सेनोटे तयार होते. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी चिक्शुलुब येथे आदळलेल्या, डायनोसॉरच्या अंतास कारण ठरलेल्या अशनीच्या विवराची कड आज जमिनीखाली गाडली गेली आहे. तिच्या वर सेनोट्यांचे एक अर्धवर्तुळच उमटलेले दिसते. पवित्र सेनोट्यात पोहण्यास मनाई आहे. सहली बहुधा तीन-चार किलोमीटरवरच्या 'इक किल' येथे नेतात. तेथे जमिनीपासून सुमारे २६ मीटर खाली पाणी आहे, वरून वेली लोंबतात आणि कातळात खोदलेल्या जिन्याने उतरावे लागते. गर्दी नको असेल, तर योक्द्झोनोत गावचे कुंड पाहावे. ते स्थानिक गावकऱ्यांचा सहकारी गट चालवतो, त्यामुळे तिकिटाचा पैसा गावातच राहतो.

पाण्यात उतरण्यापूर्वी अंघोळ सक्तीची असते आणि अंगाला लावलेले उन्हापासून संरक्षणाचे मलम धुऊन टाकावे लागते. पुष्कळांना हा जाच वाटतो. पण हे पाणी पोहण्याच्या तलावासारखे बदलता येत नाही. सारी कुंडे भूजलाशी जोडलेली आहेत आणि या प्रदेशाचे पिण्याचे पाणी त्याच भूजलातून येते. मातीचा थर पातळ व खडक सच्छिद्र असल्याने सांडपाणी गाळले न जाताच खाली उतरते. किनाऱ्यावरील हॉटेलांची वाढ, शेतीतील रसायने आणि मोठी वराहपालन केंद्रे यांचा भार याच पाण्यावर पडतो. सेनोट्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या होमुन गावाजवळ सुमारे ४९ हजार डुकरांचे केंद्र उभे राहिले, तेव्हा गावातील माया मुलांच्या वतीने न्यायालयात दाद मागण्यात आली. २०१८ साली केंद्राला स्थगिती मिळाली आणि २०२१ मध्ये मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयाने ती कायम ठेवली. पाण्याचा हक्क हा तेथे पुस्तकी विषय नाही.

जाणाऱ्यांसाठी सूचना

वेळ : स्थळ सकाळी आठ वाजता उघडते. सावली अत्यल्प असल्याने आणि दुपारी गर्दी वाढत असल्याने सकाळीच पोहोचणे श्रेयस्कर. कॅनकूनचे घड्याळ चिचेन इत्झापेक्षा बारमाही एक तास पुढे असते; परतीच्या गाडीची वा विमानाची वेळ ठरवताना हे विसरू नये.

मुक्काम : ४०-४५ किलोमीटरवरील वायादोलिद या सोळाव्या शतकातील शहरात आदल्या रात्री राहिल्यास कॅनकूनहून पहाटे निघण्याची दगदग वाचते. डिसेंबर २०२३ पासून सुरू झालेल्या 'त्रेन माया' रेल्वेचे चिचेन इत्झा येथे स्थानक आहे. या रेल्वेच्या तुलुमकडील मार्गासाठी भूमिगत गुहांत खांब रोवल्यावरून पर्यावरणवाद्यांनी तीव्र आक्षेप घेतले होते.

तिकीट : केंद्र सरकारचे पुरातत्त्व खाते आणि युकातान राज्य सरकार यांचे शुल्क स्वतंत्र असते. सहलीच्या दरात दोन्ही समाविष्ट आहेत का आणि सेनोट्याचे तिकीट धरले आहे का, हे आधीच विचारावे.

वाटाड्या : अधिकृत ओळखपत्र असलेलाच निवडावा. माया भाषा बोलणारा मिळाल्यास उत्तम.

पोहणे : पोट रिकामे असताना पोहावे, भोजन नंतर घ्यावे. कुंडे खोल असल्याने पोहता येत असले, तरी जीवरक्षक जाकीट घालावे. कोरडे कपडे, पाणी आणि रोख पेसो जवळ असावेत.

प्रवेशपत्र : अमेरिकेचा वैध व्हिसा असलेल्या भारतीयांना मेक्सिकोचा वेगळा व्हिसा घ्यावा लागत नाही. तरीही निघण्यापूर्वी वकिलातीकडून खातरजमा करून घ्यावी.

पिरॅमिड उभारणाऱ्यांचे वंशज आजही याच कुंडांखालचे पाणी पितात. तेथे पोहायला उतरणाऱ्या पाहुण्याने मलम धुऊन टाकण्याची दोन मिनिटे त्यांच्यासाठी जरूर द्यावीत.