जवाहरनगर : वसाहत, गाव आणि स्थानिक स्वराज्य

प्रस्तावना

विदर्भातील बहुतेक नगरे बाजारपेठ, किल्ला किंवा तीर्थक्षेत्र यांच्या आधाराने वाढली. भंडारा जिल्ह्यातील जवाहरनगर यास अपवाद आहे. संरक्षण मंत्रालयाच्या आयुध निर्माणीसाठी येथे वसाहत उभारण्यात आली. त्यामुळे तिच्या इतिहासात नागरी जीवन आणि लोकनियुक्त स्थानिक शासन यांच्या संबंधाचा एक वेगळाच प्रश्न दडलेला आहे.

भौगोलिक पार्श्वभूमी

जवाहरनगर हे भंडारा शहराच्या पश्चिमेस, नागपूरकडे जाणाऱ्या राष्ट्रीय महामार्गाच्या परिसरात वसले आहे. पूर्वी क्रमांक ६ असलेला हा महामार्ग आता ५३ या क्रमांकाने ओळखला जातो. सभोवतालचा प्रदेश वैनगंगेच्या खोऱ्यातील धानाचा व तलावांचा आहे. स्फोटके व प्रणोदके तयार करणाऱ्या कारखान्यास विस्तीर्ण जमीन, मुबलक पाणी, रस्ता व लोहमार्गाची सोय आणि सीमेपासून दूरचे स्थान आवश्यक असते. मुंबई-हावडा लोहमार्गावरील भंडारा रोड स्थानक आणि नागपूरचे सान्निध्य लक्षात घेता या सर्व गरजा येथे एकत्र भागत होत्या.

दोन प्रक्रिया, एकच कालखंड

महाराष्ट्र जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियम १९६१ मध्ये संमत झाला. वसंतराव नाईक समितीच्या शिफारशींवर आधारलेली ही व्यवस्था १ मे १९६२ पासून अमलात आली. त्या वेळी यशवंतराव चव्हाण मुख्यमंत्री होते. त्याच वर्षी चीनशी युद्ध झाले आणि नोव्हेंबरमध्ये चव्हाण केंद्रात संरक्षणमंत्री झाले. युद्धानंतर संरक्षण उत्पादनाचा विस्तार झाला. भंडारा, चांदा व अंबाझरी येथील निर्माण्या या विस्ताराच्या काळातील होत. अशा रीतीने एकाच दशकात भंडारा जिल्ह्यात सत्तेचे विकेंद्रीकरण करणारी पंचायत राज्य व्यवस्था रुजली आणि थेट दिल्लीशी जोडलेले प्रशासनही आले.

प्रशासनाचे दुहेरी स्वरूप

वसाहतीतील निवासस्थाने, पाणी, वीज व रस्ते यांची व्यवस्था निर्माणीच्या प्रशासनाकडे राहिली. लगतच्या सावरी, ठाणा या गावांचा कारभार मात्र ग्रामपंचायतींकडे. एका बाजूस सुविधा आहेत, पण त्या पुरविणारे लोकनियुक्त नाहीत. दुसऱ्या बाजूस प्रतिनिधी लोकनियुक्त आहेत, परंतु साधने तुटपुंजी आहेत. २०११ च्या जनगणनेत सावरी जवाहरनगरची नोंद जनगणना नगर म्हणून आहे. लोकसंख्या, घनता व बिगरशेती व्यवसाय या निकषांवर दिला जाणारा हा दर्जा केवळ सांख्यिकीय असतो. त्यातून नगरपरिषद आपोआप निर्माण होत नाही.

चौऱ्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद २४३ थ मध्ये औद्योगिक नगरीची तरतूद केली. उद्योगसंस्था नागरी सेवा देत असल्यास तेथे नगरपालिका स्थापन न करण्याची मुभा राज्यपालांना आहे. सेवा मिळत असतील तर प्रतिनिधित्व नसले तरी चालेल, हे त्यामागील गृहीतक तपासून पाहण्याजोगे आहे.

बदलती परिस्थिती

१ ऑक्टोबर २०२१ रोजी आयुध निर्माणी मंडळ विसर्जित होऊन सात कंपन्या अस्तित्वात आल्या. भंडारा निर्माणी म्युनिशन्स इंडिया लिमिटेडकडे गेली. अनुच्छेद २८५ नुसार केंद्राची मालमत्ता राज्य व स्थानिक करांतून मुक्त असते. परंतु केंद्राने स्थापिलेल्या स्वतंत्र महामंडळास ही सूट मिळत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये भारतीय अन्न महामंडळाच्या प्रकरणात स्पष्ट केले. म्हणून जमीन व इमारती कोणाच्या मालकीच्या आहेत, हा प्रश्न स्थानिक संस्थांच्या उत्पन्नाच्या दृष्टीने महत्त्वाचा ठरतो.

२४ जानेवारी २०२५ रोजी निर्माणीतील स्फोटात आठ कामगारांचा मृत्यू झाला. स्फोटक कारखान्याच्या धोक्याचा विचार केवळ कुंपणाच्या आत करून भागत नाही. आपत्तीप्रसंगी लोक प्रथम सरपंचाकडे धाव घेतात. परंतु कुंपणाआडच्या कारभारात सरपंचास स्थान नसते.

निष्कर्ष

जवाहरनगरने या कृषिप्रधान भागास स्थिर रोजगार दिला, हे निर्विवाद आहे. तथापि वसाहत व गावे यांच्यातील प्रशासकीय दरी सहा दशकांनंतरही बुजलेली नाही. उत्पादनाची गोपनीयता अबाधित ठेवूनही पाणी, रस्ते व आपत्ती व्यवस्थापन या विषयांवर निर्माणी, ग्रामपंचायत आणि जिल्हा परिषद यांची नियमित संयुक्त बैठक होऊ शकते. त्यासाठी नव्या कायद्याची वाट पाहण्याचे कारण नाही.