‘ऊन’ : एका विशेषणाच्या नामरूपाचा इतिहास

१

मराठीत प्रकाशवाचक शब्दांची वाण नाही. प्रकाश, उजेड, तेज, चांदणे, झळाळी, कवडसा, तिरीप अशी मोठी मालिकाच सांगता येते. या मालिकेत ‘ऊन’ या शब्दाचे स्थान मात्र वेगळे आहे. इतर बहुतेक शब्द डोळ्यांना जे प्रतीत होते त्यावरून सिद्ध झालेले आहेत. ‘ऊन’ हा शब्द त्वचेला जे प्रतीत होते त्यावरून सिद्ध झाला आहे. माथ्यावरून येणाऱ्या नैसर्गिक प्रकाशाला मराठी भाषकाने नाव दिले ते त्याच्या दीप्तीवरून नव्हे, तर त्याच्या दाहावरून. मुळात ‘ऊन’ हे विशेषण आहे आणि त्याचा अर्थ ‘गरम’ असा आहे. या विशेषणाचे नाम झाले, आणि तेही इतके रूढ झाले की त्याचे विशेषणत्व आज भाषकांच्या जाणिवेतून जवळजवळ पुसले गेले आहे. हा प्रवास वरकरणी केवळ व्युत्पत्तिशास्त्राचा विषय वाटेल. परंतु आधुनिक मराठी कवितेच्या, विशेषतः विदर्भातील कवितेच्या वाचनाशी त्याचा निकटचा संबंध आहे, हे दाखविण्याचा येथे प्रयत्न आहे.

संस्कृत ‘उष्ण’ याचे प्राकृतात ‘उण्ह’ होते आणि त्यापासून मराठी ‘ऊन’ सिद्ध होते. ‘ष्ण’ या जोडाक्षराचे ‘ण्ह’ होणे ही प्राकृतातील नियमित प्रक्रिया आहे. ‘कृष्ण’चे ‘कण्ह’ व पुढे ‘कान्हा’, ‘तृष्णा’चे ‘तण्हा’ व पुढे ‘तान्ह’ अथवा ‘तहान’, ही तिचीच उदाहरणे. ‘ऊन’ या प्रथमान्त रूपात ‘ह’चा लोप झालेला असला तरी ‘उन्हात’, ‘उन्हाने’, ‘उन्हे’ या रूपांत तो टिकून आहे. प्राकृत अवस्थेची ही खूण मराठीच्या सामान्यरूपाने आजही जपली आहे. ‘उन्हाळा’ हा शब्द ‘उष्णकाल’ याचे तद्भव रूप असून ‘हिवाळा’ व ‘पावसाळा’ यांची घडणही तशीच आहे. वऱ्हाडीत ‘ळ’चा ‘य’ होत असल्याने तेथे ‘उन्हाया’ असे रूप ऐकू येते.

येथे एक गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. ‘न्यून’, ‘उणे’, ‘एकोणीस’ यांतील ‘ऊन’ म्हणजे ‘कमी’ हा संस्कृत शब्द सर्वस्वी निराळा आहे, आणि हिंदीतील लोकरवाचक ‘ऊन’ हा ‘ऊर्ण’पासून आलेला आहे. उच्चारसाम्यामुळे हे तीन शब्द एकत्र आले. त्यांच्यात अर्थाचे नाते नाही.

२

विशेषण म्हणून ‘ऊन’ आज मुख्यतः स्वयंपाकघरात उरला आहे. ‘ऊन पाणी’, ‘ऊन ऊन भात’, ‘ऊन भाकरी’ हे प्रयोग जुन्या पिढीच्या बोलण्यात सर्रास आढळतात. याहून महत्त्वाचा पुरावा स्थलनामांचा आहे. रायगड जिल्ह्यात पालीजवळचे उन्हेरे, दापोली तालुक्यातील उन्हवरे, राजापूरजवळचे उन्हाळे या तिन्ही ठिकाणी गरम पाण्याचे झरे आहेत. त्या गावांच्या नावांत सूर्याचा काहीही संबंध नाही. तेथील ‘उन्ह’ जमिनीच्या पोटातून वर येते. नाम झालेल्या विशेषणाचा मूळ अर्थ भूगोलाने असा जतन करून ठेवला आहे. ‘उन्हाळी लागणे’ हा लघवीच्या जळजळीविषयीचा प्रयोगही सूर्यप्रकाशाशी नव्हे, तर दाहाशीच जोडलेला आहे.

नाम झाल्यावर या शब्दाने स्वतःची क्रियापदे जमविली. ऊन ‘पडते’, ‘तापते’, ‘लागते’, ‘कलते’, ‘उतरते’. ते ‘खाल्ले’ही जाते. थंडीत ऊन खाणे हे सुख आहे आणि वैशाखात ऊन लागणे हे संकट. अनेकवचनी ‘उन्हे’ हे रूप बहुधा सकाळ-संध्याकाळच्या तिरप्या किरणांना लागू पडते, आणि त्यात काळाचा निर्देश येतो. ‘उन्हे उतरल्यावर या’ असे म्हणणारा माणूस घड्याळाच्या आधीच्या कालगणनेत बोलत असतो. विशेषणांनीही उन्हाला वय दिले आहे. ते पालवीसारखे ‘कोवळे’ असते, मग ‘कडक’ होते, ‘टळटळीत’ आणि ‘रणरणते’ होते. बालकवींच्या श्रावणावरील सर्वपरिचित कवितेत सरींशी लपंडाव खेळणारे ऊन आहे. शब्द एकच असला तरी त्या उन्हात दाह जवळजवळ नाही. म्हणजे ‘ऊन’ हा शब्द केवळ क्लेशाचा वाचक आहे असे म्हणता येणार नाही. त्याची मर्यादा दुसरीकडे आहे.

ती मर्यादा अशी की, ऊन फक्त सूर्याचे असते. दिव्याचा उजेड असतो, दिव्याचे ऊन नसते. चंद्राचे चांदणे असते, ऊन नसते. ‘ज्ञानाचा प्रकाश’ असा प्रयोग होतो. ‘ज्ञानाचे ऊन’ असा प्रयोग मराठी भाषक करीत नाही. ‘प्रकाश’ सहजपणे बुद्धीच्या, अध्यात्माच्या, प्रबोधनाच्या क्षेत्रात जातो. ‘ऊन’ शरीराला सोडून जात नाही. लाक्षणिक अर्थाने ते वापरले गेले तरी कष्ट, अनुभव, सोसणे याच दिशेने वापरले जाते. ‘केस काही उन्हात पांढरे झाले नाहीत’ या म्हणण्यातही केस पिकण्याची दोन कारणे कल्पिलेली आहेत, एक ऊन आणि दुसरे अनुभव. हिंदीतही हाच वाक्प्रयोग ‘धूप’ शब्द योजून केला जातो.

श्रमाशी असलेले हे नाते ‘उन्हातान्हात’ या जोडशब्दात सर्वांत स्पष्ट दिसते. ‘उन्ह’ आणि ‘तान्ह’, म्हणजे उष्ण आणि तृष्णा. दोन्ही शब्द एकाच ध्वनिनियमाने घडलेले आहेत आणि दोन्ही एकाच देहाच्या अवस्था सांगतात. पालीत हेच शब्द ‘उण्ह’ आणि ‘तण्हा’ असे आहेत. बौद्ध तत्त्वविचारात ‘तण्हा’ हे दुःखाचे मूळ मानले गेले आहे. १४ ऑक्टोबर १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर नागपुरात पाली शब्दांचा परिचय अभ्यासकांपुरता मर्यादित राहिला नाही. तो वस्त्यावस्त्यांत पोहोचला. ज्यांच्या पिढ्या उन्हातान्हात राबल्या त्यांच्याच वस्तीत ‘तण्हा’ हा शब्द तत्त्वज्ञानाचा म्हणून परत आला, ही भाषेच्या इतिहासातील लक्षणीय घटना आहे. तहान भागविण्याचा प्रश्न आणि तृष्णा जिंकण्याचा प्रश्न हे एकच नव्हेत. पाणवठा ज्यांना नाकारला गेला त्यांच्या संदर्भात तर हा भेद विसरता येत नाही.

३

सूर्यप्रकाशाला उष्णतेवरून नाव देण्याची प्रवृत्ती मराठीतच निर्माण झाली असे मात्र नाही. संस्कृत ‘आतप’ हा शब्द ‘तप्’ धातूपासूनच आला आहे. हालाच्या गाथासप्तशतीत एक प्रसिद्ध गाथा आहे. माध्याह्नी सावलीसुद्धा उन्हाच्या भीतीने शरीराखालून बाहेर पडत नाही, तेव्हा पांथस्थाने तरी विसावा का घेऊ नये, असा तिचा आशय आहे. रसिकांनी तीत निमंत्रणाचा ध्वनी ऐकला आणि तो योग्यच आहे. तथापि ध्वनीच्या चर्चेत वाच्यार्थाची अचूकता दुर्लक्षित राहिली. सावली पायांखाली दडणे ही नुसती कविकल्पना नाही. कर्कवृत्ताच्या दक्षिणेस ती प्रत्यक्ष घडणारी गोष्ट आहे. नागपूर सुमारे २१ अंश ९ मिनिटे उत्तर अक्षांशावर आहे. त्यामुळे मेच्या अखेरच्या आठवड्यात आणि पुन्हा जुलैच्या मध्यास सूर्य तेथे भर दुपारी बरोबर माथ्यावर येतो. दुसऱ्या वेळी बहुधा आभाळ असते, पण पहिली वेळ ‘नवतप्या’ची असते. गाथेतील शब्द ‘आअव’, म्हणजे आतप, असा आहे. मराठीत तो बोलण्यातून मावळला आणि त्याची जागा ‘उण्ह’ने घेतली. शब्द बदलला, परंतु नाव देण्यामागची दृष्टी कायम राहिली.

या पार्श्वभूमीवर पसायदानातील एका विशेषणाकडे पाहणे उद्बोधक ठरते. शके १२१२ मध्ये, म्हणजे इ. स. १२९० मध्ये, ज्ञानेश्वरांनी सज्जनांचे वर्णन करताना ताप नसलेल्या सूर्याची आणि डाग नसलेल्या चंद्राची कल्पना केली. चंद्राच्या बाबतीत दोष दिसण्याचा आहे. सूर्याच्या बाबतीत तो जाणवण्याचा आहे. ज्या भाषेत सूर्यप्रकाशाचे नावच मुळी ‘गरम’ असे आहे, त्या भाषेत तापाविना सूर्य मागणे म्हणजे प्रकाश हवा पण ऊन नको असे म्हणणे होय. ‘प्रकाश’ आणि ‘ऊन’ यांतील भेद मराठी काव्यपरंपरेच्या मुळाशीच जाणवलेला होता, असे यावरून म्हणता येईल.

४

नागपूर हे या शब्दाच्या अभ्यासासाठी विशेष सोयीचे ठिकाण आहे, आणि त्याचे कारण केवळ तेथील उन्हाळा हे नाही. १८६१ पासून मध्य प्रांताची राजधानी असलेले हे शहर १ नोव्हेंबर १९५६ रोजी मुंबई राज्यात आले. तोपर्यंत, आणि व्यवहारात त्यानंतरही, मराठी व हिंदी या दोन भाषा तेथे शेजारी नांदल्या. हिंदीत सूर्यप्रकाश म्हणजे ‘धूप’. मराठीत धूप देवापुढे जळतो. मात्र ‘धुपकाळा’ या उन्हाळावाचक शब्दात मराठीनेही तो अर्थ सांभाळला आहे. पूर्वेकडे छत्तीसगढीत सूर्यप्रकाशाला ‘घाम’ म्हणतात. हा संस्कृत ‘घर्म’, म्हणजे उष्णता. मराठीत त्याच शब्दाचा अर्थ ‘स्वेद’ असा झाला. एकाच मूळ शब्दाने एका भाषेत कारणाचे नाव धारण केले आणि दुसरीत कार्याचे. छत्तीसगढी मजूर ‘घामात’ उभा असतो तेव्हा मराठी मजूर ‘उन्हात’ उभा असतो. घाम दोघांनाही येतो.

मुक्तिबोध बंधूंचे उदाहरण येथे आठवते. मराठी घरातील गजानन माधव मुक्तिबोध (१९१७-१९६४) हिंदीत लिहीत. १९४८ ते १९५८ या काळात त्यांचे वास्तव्य नागपुरात होते. त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध (१९२१-१९८४) यांनी याच शहरात मराठी कविता व समीक्षा लिहिली. थोरल्या बंधूंच्या ‘चाँद का मुँह टेढ़ा है’ (१९६४) या संग्रहाच्या शीर्षकातच चंद्रप्रकाशाचा रूढ सौम्यपणा नाकारलेला आहे. धाकट्या बंधूंनी ‘सृष्टी, सौंदर्य आणि साहित्यमूल्य’ (१९७८) या ग्रंथात ‘मानुषता’ हे मूल्य मध्यवर्ती मानले. निसर्गप्रतिमेचे मोल ती मानवी व्यवहाराशी कोणते नाते जोडते यावर ठरवावे, ही दिशा त्यांच्या विचारातून घेता येते. ‘ऊन’ या शब्दाला ती विशेषत्वाने लागू पडते. उन्हाचे वर्णन करणाऱ्याला, तो उन्हात उभा आहे की वाळ्याच्या ताटीआड, हा प्रश्न टाळता येत नाही.

ग्रेस यांच्या कवितेचाही विचार या अंगाने व्हावयास हवा. ‘संध्याकाळच्या कविता’ (१९६७) पासून ‘सांध्यपर्वातील वैष्णवी’ (१९९५) पर्यंत त्यांच्या ग्रंथनामांत सांजवेळ पुन्हा पुन्हा येते. तिचे स्पष्टीकरण एकाकीपणा, दुःख, दुर्बोधता या संज्ञांनी पुष्कळदा दिले गेले. परंतु ज्या शहरात उन्हे उतरल्याखेरीज अंगण माणसाचे होत नाही, त्या शहरातील कवीला संध्याकाळ ही केवळ मनोवस्था असेल काय? ही वाचनाची एक शक्यता आहे, कवितेची किल्ली नव्हे. तरीही जे ऊन या कवितेत प्रत्यक्ष नाही, ते तिच्या काळनिवडीमागे उभे आहे असे मानण्यास जागा आहे.

५

खरा प्रश्न आंबेडकरी कवितेच्या संदर्भात उभा राहतो. या कवितेत सूर्य ही मध्यवर्ती प्रतिमा आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकर, बुद्ध, मुक्तीचा विचार यांसाठी तिची योजना झाली. वामन निंबाळकर यांच्या ‘गावकुसाबाहेरील कविता’ (१९७३) व यशवंत मनोहर यांच्या ‘उत्थानगुंफा’ (१९७७) या संग्रहांपासून नागपूर हे या प्रवाहाचे एक महत्त्वाचे केंद्र राहिले. समीक्षेने या सूर्याची नोंद घेतली ती प्रतीक म्हणून. पुढे हे प्रतीक पुनरुक्त झाल्याचा आक्षेपही घेण्यात आला. आक्षेपात तथ्य असेल. पण त्यात एक गृहीतही दडलेले आहे. ते असे की, सूर्य म्हणजे प्रकाश, आणि प्रकाश म्हणजे ज्ञान. हे समीकरण अभिजात परंपरेतून आले आहे, आणि त्यात ऊन वगळलेले आहे.

ज्यांच्यासाठी सूर्य हा आधी ऊन होता आणि मग प्रकाश झाला, त्यांच्या कवितेत हे प्रतीक साधे राहत नाही. राबणाऱ्या देहाला ज्याने भाजले त्यालाच मुक्तीचे नाव देणे यात एक ताण आहे. पसायदानात तो ताण ताप वगळून सोडविला गेला. येथे तो तसा सुटत नाही, कारण हा सूर्य दाहासकट स्वीकारलेला आहे. दाह येथे विद्रोहाचे बळ होतो. नागराज मंजुळे यांच्या ‘उन्हाच्या कटाविरुद्ध’ या संग्रहाच्या नावात तर ऊन हे निसर्गाचे न राहता व्यवस्थेचे होते. कट निसर्ग करीत नाही, माणसे करतात. सावली कोणाला आणि ऊन कोणाला याची वाटणी ऋतूने केलेली नसते, हे या दोन शब्दांत सूचित झाले आहे.

यातून समीक्षेपुरता एक विवेक निष्पन्न होतो. कवितेतील ‘सूर्य’, ‘प्रकाश’ आणि ‘ऊन’ हे शब्द परस्परांचे पर्याय समजून वाचू नयेत. सूर्य हे बिंब आहे, प्रकाश हा त्याचा बुद्धीशी होणारा संबंध आहे आणि ऊन हा त्याचा त्वचेशी होणारा संबंध आहे. अनुवादाच्या प्रसंगी तर हा भेद अधिकच जपावा लागतो. ‘ऊन’ याचे भाषांतर केवळ सूर्यप्रकाश असे केले तर डोळ्यांना दिसणारे उरते आणि अंगाला लागणारे जाते. मराठीने आकाशातून येणाऱ्या प्रकाशाला नाव देताना कातडीची साक्ष ग्राह्य धरली. ‘ऊन’ या शब्दातून विशेषण अजून गेलेले नाही, एवढे वाचकाने ध्यानात ठेवले तरी पुष्कळ कवितांचा अर्थ वेगळा लागेल.