‘तमस’चा कर्ता आणि न्यायासन

कायद्याच्या विद्यार्थ्याला काही माणसांची ओळख उलट्या वाटेने होते. श्री. गोविंद निहलानी यांचे नाव प्रस्तुत लेखकाने प्रथम गंभीरपणे वाचले ते एका न्यायनिर्णयाच्या अनुषंगाने. ‘तमस’ ही त्यांची दूरदर्शन-मालिका पाहण्याचा योग पुढे आला. निकाल आधी आणि पुरावा नंतर, असा हा अवघा उफराटा क्रम. परंतु त्यामुळेच एक प्रश्न मनात कायमचा रुतून बसला : समाजाने काय पाहावे आणि काय पाहू नये, हे कोणत्या मनाच्या मापाने ठरवावयाचे?

निहलानींचा जन्म १९४० साली कराचीचा. फाळणीने जी कुटुंबे सिंधमधून उखडली गेली, त्यांपैकीच त्यांचे एक. हे कुटुंब राजस्थानात उदयपूरला स्थायिक झाले. १९६२ साली बंगलोरच्या तंत्रनिकेतनातून छायालेखनाची पदविका घेऊन ते मुंबईस आले आणि गुरुदत्तांच्या चित्रपटांना प्रकाश-छायेचे लेणे चढविणाऱ्या व्ही. के. मूर्तींच्या हाताखाली उमेदवारी करू लागले.

आपल्याला त्यांच्याविषयी जिव्हाळा वाटण्याचे कारण मात्र मराठी आहे. विजय तेंडुलकरांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ या नाटकावर सत्यदेव दुबे यांनी १९७१ साली चित्रपट केला, त्याचे छायालेखन निहलानींचे. पुढे श्याम बेनेगल यांच्या ‘अंकुर’पासून ‘जुनून’पर्यंतच्या चित्रपटांना त्यांच्याच कॅमेऱ्याने रूप दिले. १९८० साली ते स्वतः दिग्दर्शक झाले ते ‘आक्रोश’ने, आणि त्याची पटकथाही तेंडुलकरांचीच. पत्नीच्या खुनाचा आरोप असलेला एक आदिवासी आणि त्याच्या बचावासाठी उभा राहिलेला तरुण वकील, अशी ही कथा. आरोपी एक अक्षर बोलत नाही. आपल्याच अशिलाच्या मौनापुढे हतबल झालेला तो वकील पाहताना आमच्या व्यवसायातील कोणाही माणसाची मान खाली जावी, असे ते चित्रण आहे. श्री. दा. पानवलकरांच्या कथेवरील ‘अर्धसत्य’ (१९८३) आणि महेश एलकुंचवारांच्या नाटकावरील ‘पार्टी’ (१९८४) यांनी हे मराठी ऋण आणखी वाढविले.

अ‍ॅटनबरो यांच्या ‘गांधी’ चित्रपटाच्या कामानिमित्त दिल्लीत असताना भीष्म साहनी यांची ‘तमस’ ही कादंबरी निहलानींच्या हाती पडली. नत्थू नावाचा एक गरीब चर्मकार. कोणीतरी पैसे देऊन त्याच्याकडून एक डुक्कर मारवून घेतो. दुसऱ्या दिवशी ते कलेवर मशिदीच्या पायरीवर आढळते, आणि गाव पेटते. आपल्या हातून नकळत काय घडले, हे ओळखून नत्थू आतल्या आत जळत राहतो. फाळणीपूर्व पंजाबातील या वणव्याची हकीकत सांगावयास, स्वतः त्या फाळणीत घर गमावलेल्या माणसाहून अधिक अधिकारी कोण असणार? ओम पुरी नत्थू झाले, वृद्ध हरनामसिंगाची भूमिका स्वतः भीष्म साहनींनी केली, आणि छायालेखनास साक्षात् मूर्ती गुरुजी उभे राहिले.

जानेवारी १९८८ मध्ये दूरदर्शनवरून मालिका सुरू होताच गदारोळ उठला. निहलानींना पोलीस-संरक्षण घ्यावे लागले. जुन्या जखमा उघड्या करून हा मनुष्य पुन्हा दंगे पेटवील, असा आक्षेप होता. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले व प्रक्षेपणास प्रथम स्थगितीही मिळाली. तेव्हा न्या. लेन्टिन आणि न्या. सुजाता मनोहर यांनी आधी संपूर्ण मालिका पाहिली, आणि मगच ती स्थगिती उठविली. न पाहता मत देण्याची सोय त्या काळीही सर्वांनाच उपलब्ध होती. या दोघांनी ती नाकारली, ही गोष्ट लहान नव्हे.

त्यानंतर मुंबईच्याच एका नागरिकाने सर्वोच्च न्यायालयाचे दार ठोठावले. १६ फेब्रुवारी १९८८ रोजी न्या. सव्यसाची मुखर्जी आणि न्या. रंगनाथन यांनी तो अर्ज फेटाळला. येथेच ते माप भेटते. स्वातंत्र्यापूर्वी नागपूरच्या उच्च न्यायालयात न्या. व्हिव्हियन बोस यांनी एका खटल्यात असे म्हटले होते की, शब्दांचा परिणाम जोखावयाचा तो समंजस, खंबीर, धीट माणसाच्या दृष्टीने. दुबळ्या, डळमळीत मनाच्या किंवा प्रत्येक विरोधी विचारात संकटाचा वास घेणाऱ्या माणसाच्या दृष्टीने नव्हे. वऱ्हाड-नागपूरच्या भूमीत घडलेले हे माप चाळीस वर्षांनी ‘तमस’च्या रक्षणास आले.

प्रतिपक्षाचे म्हणणे अगदीच पोकळ होते, असे मात्र म्हणता येणार नाही. दूरदर्शन घराघरांत शिरते. तिकीट काढून येणारा प्रेक्षक आणि जेवणाच्या पानावरून उठून पडद्यापुढे बसलेले मूल यांत अंतर आहे. धीट माणसाचे माप त्या मुलाला लावावे काय? आमचे उत्तर असे : मुलास समजावून सांगणारा वडीलधारा माणूस घरात असावा, हे समाजाचे कर्तव्य आहे, त्यासाठी सत्यालाच घराबाहेर काढणे, हा उपाय नव्हे. दंगा आठवल्याने होत नाही. तो कसा घडविला जातो, हे विसरल्याने मात्र तो पुन्हा घडविणे सोपे जाते.

निहलानी पुढे इब्सेन, स्ट्रिंडबर्ग व लोर्का यांच्या नाटकांकडे वळले, २००२ साली पद्मश्रीचे मानकरी झाले, आणि २०१७ साली ‘ती आणि इतर’ हा मराठी चित्रपटही त्यांनी दिला. तथापि वकिलाच्या लेखी त्यांची खरी मिळकत वेगळीच आहे. त्यांच्या कृतीमुळे न्यायासनाने या देशातील प्रेक्षकाला शहाणे आणि धीट मानले. तो मान आपण राखतो की नाही, याचा निवाडा मात्र कोणत्याही न्यायालयात होणारा नाही.