नांदगावचे ग्रहलाघव, नागावची कोष्टके

मराठी पंचांगाच्या मागे ग्रहगणिताचे दोन ग्रंथ उभे आहेत. पहिला गणेश दैवज्ञांचा ‘ग्रहलाघव’. त्याचा आरंभ शके १४४२चा, म्हणजे इ.स. १५२०चा. दुसरा केरो लक्ष्मण छत्रे यांचा ‘ग्रहसाधनांची कोष्टके’, प्रकाशन १८६०. पहिल्याने साडेतीन शतके महाराष्ट्राच्या तिथी, ग्रहणे आणि संक्रांती ठरवल्या. दुसऱ्याने त्याच्या अधिकाराला पहिले मोठे आव्हान दिले. दोघांची गावे मात्र एकाच किनाऱ्यावर आहेत. गणेशांचे नांदगाव काशीद आणि मुरुड-जंजिरा यांच्या मध्ये आहे आणि छत्र्यांचे नागाव अलिबागच्या दक्षिणेला, अष्टागरात. दोन्हींत सरळ रेषेत २५ किलोमीटरच्या आतबाहेर अंतर आणि मध्ये रेवदंड्याची खाडी. मराठी ग्रहगणिताची कुळकथा या एवढ्याशा पट्टीत सुरू होते आणि तिला वळण मिळते तेही इथेच.

ग्रहलाघवाआधीच्या वाटचालीतले टप्पे परिचित आहेत. आर्यभट, ब्रह्मगुप्त आणि सूर्यसिद्धान्त यांच्यापासून आर्य, ब्राह्म आणि सौर असे तीन पक्ष, म्हणजे गणिताच्या परंपरा, रूढ झाल्या. भास्कराचार्यांनी ११८३च्या सुमारास ‘करणकुतूहल’ लिहिले. सिद्धान्तग्रंथ कल्पारंभापासून किंवा युगारंभापासून दिवस मोजतो. करणग्रंथ एखादे जवळचे वर्ष धरून तेथून गणित सुरू करतो. ग्रहलाघव हा करणग्रंथ आहे.

या ग्रंथाचे गाव कोणते, यावर मात्र वाद आहे. परंपरेत त्याचे नाव नंदिग्राम असे येते. शास्त्रज्ञांच्या एका इंग्रजी चरित्रकोशाने ते गुजरातेतील नांदोद ठरवले. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी ‘भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन आणि अर्वाचीन इतिहास’ या १८९६च्या ग्रंथात ते जंजिरा संस्थानातील नांदगाव मानले. नांदोदच्या बाजूने नावातल्या साम्यापलीकडे फारसे काही उभे राहत नाही, आणि तेही साम्य अपुरे आहे, कारण नांदोदचे जुने नाव नांदीपुरी मानले जाते. शिवाय ते गाव करजण नदीकाठी, समुद्रापासून बरेच आत आहे. टीकाकारांच्या परंपरेत गणेशांचे गाव पश्चिम समुद्राच्या काठी सांगितले आहे. नांदगावचे सिद्धिविनायकाचे देवस्थान आजही या दैवज्ञ घराण्याच्या आठवणीशी जोडलेले आहे. ग्रंथपरंपरा आणि स्थानिक स्मृती एकाच ठिकाणी बोट दाखवत असताना दीक्षितांचा निर्णय डळमळीत मानण्याचे कारण नाही. दीक्षितही किनाऱ्यावरचेच, पण त्यांचे मुरुड दापोली तालुक्यातले. जंजिऱ्याच्या मुरुडाशी त्याची गल्लत वारंवार होते.

ग्रहलाघवात सर्वांत नवलाची आहे ती उसनवारी. गणेशांनी कोणत्याही एका पक्षाची बांधिलकी ठेवली नाही, आणि कोणता ग्रह कुठून घेतला हे पहिल्याच अधिकारात एका श्लोकात मोकळेपणाने सांगून टाकले. सूर्य सौर पक्षाचा आणि चंद्राचे उच्च, म्हणजे कक्षेतला सर्वांत दूरचा बिंदू, तेही सौर पक्षाचे. चंद्रही सौर पक्षाचा, पण नऊ कला (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) कमी करून. मंगळ, गुरू आणि राहू आर्यपक्षाचे. बुधाचे केंद्र ब्राह्मपक्षाचे. शनी आर्यपक्षाचा, पण त्यात पाच अंश मिळवून. शुक्राचे केंद्र ब्राह्म आणि आर्य यांच्या बरोबर मध्यावरचे. असे घेतले की ग्रह डोळ्यांना दिसतात तेथेच गणितात येतात, असा त्यांचा दावा आहे. जेथे पक्ष हा आचाराचा आणि कधी पंथाचाही प्रश्न होता, एकादशी कोणत्या दिवशी धरायची ते जेथे पक्षावर ठरे, तेथे एकाच ग्रंथात तिन्ही पक्षांचे ग्रह शेजारी बसवणे हे धाडसाचे काम होते.

या दुरुस्त्यांचे आकारही बोलके आहेत. नऊ कला म्हणजे चंद्रबिंबाच्या एकतृतीयांशाहूनही कमी. नुसत्या नजरेने आकाशात एवढा फरक पकडता येत नाही. पण चंद्र सूर्याच्या तुलनेत तासाला सुमारे ३० कला सरकतो, म्हणून नऊ कलांची चूक ग्रहणाच्या वेळेत सुमारे १८ मिनिटांचा, म्हणजे पाऊण घटकेचा फरक पाडते. घटिकापात्र लावून ग्रहणाचा स्पर्श आणि मोक्ष टिपणाऱ्याला तो फरक चुकत नाही. शनीचे पाच अंश म्हणजे चंद्राची दहा बिंबे ओळीने मांडावीत एवढे अंतर. ते एखाद्या ताऱ्याशी शनीची युती पाहिली की उघड दिसते. म्हणजे चंद्राची दुरुस्ती ग्रहणांतून आली असावी आणि शनीची युत्यांतून.

हे वेध कोणी घेतले? परंपरा सांगते की ग्रहलाघव लिहिताना गणेश तेरा वर्षांचे होते. त्यांचा जन्म १५०७च्या सुमाराचा मानला जातो, तेव्हा हिशेब जुळतो. पण बालप्रतिभेची ही कथा शनीपाशी अडते. शनीला एक फेरी पूर्ण करायला साडेएकोणतीस वर्षे लागतात. तेरा वर्षांच्या मुलाच्या साऱ्या आयुष्यात त्याची अर्धी फेरीही झालेली नसते, आणि जन्मल्या दिवसापासून तर कोणी वेध घेत नाही. या दुरुस्त्यांमागची नजर वडिलांची, केशव दैवज्ञांची, मानणे अधिक सयुक्तिक आहे. केशवांचा ‘ग्रहकौतुक’ शके १४१८चा, म्हणजे १४९६चा. त्यावरच्या स्वतःच्याच टीकेत त्यांनी तिन्ही पक्षांचे ग्रह आकाशाशी ताडून पाहिल्याचे आणि कोणता ग्रह कोठे चुकतो ते नोंदवले आहे. पुढच्या गणितज्ञांनी ग्रहयोग, नक्षत्रयोग आणि उदयास्त पाहून ग्रहगणित पुन्हा नवे करावे, असेही त्यांनी बजावले आहे. ग्रहकौतुक आणि ग्रहलाघव यांच्यात २४ वर्षे आहेत. एवढ्या काळात शनी राशिचक्राचा चारपंचमांश भाग फिरतो, आणि पाच अंशांची चूक पक्की करायला तेवढे पुरेसे आहे. वेध पित्याचे आणि रचना पुत्राची, अशी वाटणी धरली की ग्रंथाची सारी अंगे उलगडतात. पुत्राचे श्रेय त्याने उणे होत नाही, कारण खरी प्रतिभा रचनेतच आहे.

त्या रचनेचा गाभा म्हणजे अकरा वर्षांचे चक्र. अकरा वर्षांत १३२ महिने आणि ४ अधिकमास मिळून १३६ चांद्रमास होतात, त्यांचे दिवस ४०१६. शकातून १४४२ वजा करायचे आणि उरलेल्याला ११ने भागायचे. भागाकार म्हणजे चक्रे, बाकी म्हणजे चालू चक्रातली वर्षे. छत्र्यांच्या ग्रंथाचे वर्ष, शके १७८२, घेतले तर ३४० वर्षे उरतात, म्हणजे ३० चक्रे आणि १० वर्षे. कलियुगारंभापासून मोजले असते तर त्या वर्षाचा अहर्गण, म्हणजे सरलेल्या दिवसांची संख्या, १८ लाख १२ हजारांच्या घरात जातो. चक्रामुळे तो चार हजारांच्या आसपासच राहतो. प्रत्येक ग्रहाला एका चक्राचा ठरलेला ‘ध्रुव’ आणि आरंभीच्या स्थानाचा ‘क्षेपक’ दिला आहे. अहर्गणाची गती काढायची, चक्रांनी गुणलेला ध्रुव वजा करायचा, क्षेपक मिळवायचा, की मध्यम ग्रह, म्हणजे सरासरी गतीने येणारे स्थान, तयार.

दुसरी युक्ती याहून धीट आहे. मध्यम ग्रहावरून स्पष्ट ग्रह, म्हणजे आकाशात दिसणारे स्थान, काढायला ज्या (साइन) आणि चाप लागतात. गणेशांनी ते साऱ्या ग्रंथातून काढून टाकले. मंगळ ते शनी या पाच ग्रहांसाठी दर १५ अंशांचे मंदांक आणि शीघ्रांक, म्हणजे मध्यम स्थानात करायच्या दुरुस्त्यांचे आकडे, श्लोकांत बांधले आणि मधल्या किमती त्रैराशिकाने काढायला सांगितल्या. सूर्य-चंद्रांसाठी साधे गुणाकार-भागाकार दिले. आधीच्या मोठ्यांनी ज्येवाचून गणित केले ते एखाद्याच ठिकाणी आणि त्याचाही त्यांना अभिमान वाटला, येथे मात्र सारे ग्रहगणितच तसे केले आहे, असे त्यांनी ग्रंथाच्या शेवटी नोंदवले आहे.

ही वृत्ती आली कोठून? रूढ उत्तर भास्कराचार्यांकडे बोट दाखवते, आणि पद्धतीपुरते ते खरे आहे. गणेशांनी लीलावतीवर ‘बुद्धिविलासिनी’ ही टीका १५४५मध्ये लिहिली, आणि ज्येची किंमत ज्येवाचून काढण्याचा मार्ग लीलावतीत आहेच. पण तो मार्ग चारशे वर्षे इतरांनाही खुला होता. नांदगावीच त्याचा असा सर्वांगी उपयोग का झाला, याचे उत्तर किनाऱ्याच्या रोजच्या गणितात शोधावे लागते. कोकणात भरतीची वेळ तिथीच्या पाऊणपटीने काढतात. चतुर्थीला तीन वाजता पूर्ण भरती, अष्टमीला सहाला. भरती रोज सुमारे ५० मिनिटे उशिरा येते आणि पाऊणपटीने ४५ मिनिटे धरली जातात. पण पंधरवड्याच्या शेवटी सव्वाअकरावर आलेला हिशेब प्रतिपदेपासून पुन्हा नव्याने सुरू होतो आणि होडी लोटायला तेवढी अचूकता पुरते. चंद्राची चाल एका छोट्या गुणाकारात बसवून तिच्यावर जीव सोपवणाऱ्या लोकांत हा दैवज्ञ वाढला. तिथी येथे धर्मकृत्याआधी पोटापाण्याची गोष्ट आहे. शिवाय पश्चिमेला क्षितिजापर्यंत उघडा समुद्र असल्याने शुक्र-बुधाचे अस्त आणि शुद्ध प्रतिपदा-द्वितीयेची कोर येथून विनाअडथळा दिसते. पुरेसे अचूक आणि कोणालाही करता येईल असे गणित ही किनाऱ्याची गरज होती, आणि ग्रहलाघव हे तिचेच शास्त्रीय रूप होय. गणेशांनी पुढे १५२५मध्ये तिथीसाठी स्वतंत्र ‘तिथिचिंतामणी’ सारण्यांच्या रूपात रचला, हेही या मताला बळ देते.

प्रसार झपाट्याने झाला. गोदाकाठच्या गोलग्रामचे दिवाकर हे गणेशांचे शिष्य. त्यांच्या मुलांपैकी मल्लारी आणि विश्वनाथ यांनी ग्रहलाघवावर टीका लिहिल्या आणि घराण्याबरोबर ग्रंथ काशीला पोहोचला. छापील पंचांगे निघाली तीही याच गणिताची.

पण चक्रातच झीज दडलेली होती. ध्रुवात राहिलेली अल्प चूक दर अकरा वर्षांनी एकदा मिळवली जाते, आणि १८६०पर्यंत ती तीस पट झाली होती. अयनांशांचा, म्हणजे वसंतसंपात आणि राशिचक्राचे आरंभस्थान यांतल्या अंतराचाही, प्रश्न होता. ग्रहलाघवात शकातून ४४४ वजा करून दर वर्षाला एक कला धरतात, त्यामुळे शके १७८२चे अयनांश २२ अंश १८ कला येतात. प्रत्यक्ष अयनगती वर्षाला सुमारे ५० विकला आहे.

येथे नागावचे छत्रे पुढे येतात. काका सदाशिव काशीनाथ छत्रे यांच्या आधाराने ते मुंबईत शिकले आणि १८४०पासून कुलाबा वेधशाळेत प्रा. ऑर्लेबार यांच्या हाताखाली काम करू लागले. वेध आणि कोष्टके यांची शिस्त त्यांना तेथे मिळाली. फ्रेंच आणि इंग्रजी ग्रंथांवरून त्यांनी रचलेली ग्रहसाधनांची कोष्टके मराठीत आहेत. संस्कृत श्लोकांतले ग्रहगणित अशा रीतीने मराठीत आणि अंकांच्या रकान्यांत उतरले. केशव दैवज्ञांनी पुढच्या गणितज्ञांवर सोपवलेले काम साडेतीनशेहून अधिक वर्षांनी शेजारच्याच गावच्या माणसाने केले.

१८६५पासून आबासाहेब पटवर्धनांच्या आश्रयाने छत्र्यांच्या गणिताचे पटवर्धनी पंचांग निघू लागले. रेवती नक्षत्राचा योगतारा, म्हणजे मुख्य तारा, आरंभस्थानी धरून आणि शके ४९६ हे शून्य अयनांशांचे वर्ष मानून त्याचे अयनांश सुमारे १८ अंश येत होते. जुन्या पंचांगाशी फरक चार अंशांहून अधिक, म्हणजे संक्रांतीत सुमारे चार दिवस. संक्रांत सरकली की अधिकमासही सरकू शकतो आणि त्याबरोबर सारे सण. म्हणून लोकांनी नव्या पंचांगाची ग्रहणे मान्य केली, पण सणांसाठी जुने सोडले नाही. छत्र्यांचे शिष्य लोकमान्य टिळक यांनी नव्या गणिताची बाजू घेतली आणि ते पंचांग पुढे टिळक पंचांग म्हणून ओळखले जाऊ लागले. व्यंकटेश बापूजी केतकरांनी ‘ज्योतिर्गणित’ रचून आधुनिक गतिस्थिती पुन्हा संस्कृत ग्रंथाच्या घाटात बसवल्या. १९५७मध्ये राष्ट्रीय पंचांग सुरू झाले. आजची बहुतेक मराठी पंचांगे सूक्ष्म गणिताची असली, तरी ग्रहलाघवाचे गणित मागे पडायला विसावे शतक उजाडावे लागले.