विश्लेषणात्मक मानसशास्त्र

स्विस मनोविकारतज्ज्ञ कार्ल गुस्टाव्ह युंग (२६ जुलै १८७५ – ६ जून १९६१) यांनी विकसित केलेली, मनाच्या खोल थरांचा वेध घेणारी विचारप्रणाली व तिच्यावर उभी असलेली मानसोपचारपद्धती. नेणीव गृहीत धरणाऱ्या प्रणालींना गहन मानसशास्त्र म्हणतात. त्यांत झिग्मुंट फ्रॉइड यांच्या मनोविश्लेषणानंतर या प्रणालीचा प्रभाव सर्वांत मोठा मानला जातो. माणसाची नेणीव म्हणजे दडपलेल्या इच्छांचे केवळ कोठार नव्हे. तिच्यात सर्व मानवजातीला समान असा एक थर असतो आणि ती जाणिवेचा तोल सावरण्याचे कामही करते, ही या प्रणालीची मध्यवर्ती भूमिका. तिची ख्याती तिच्या सर्वांत धाडसी सिद्धांतांमुळे झाली. पाया मात्र रुग्णालयातल्या निरीक्षणांचा आहे, आणि ही प्रणाली समजून घ्यायची तर सुरुवात तिथूनच करणे बरे.

युंग यांचा जन्म कॉन्स्टन्स सरोवराकाठच्या केसविल या गावी एका प्रॉटेस्टंट धर्मोपदेशकाच्या घरी झाला. बाझेल येथे वैद्यकाचे शिक्षण घेऊन डिसेंबर १९०० मध्ये ते झुरिकच्या बुर्गहोल्झली या मनोरुग्णालयात ऑयगेन ब्लॉयलर यांच्या हाताखाली रुजू झाले. तिथे फ्रान्झ रिक्लिन यांच्या साथीने त्यांनी शब्दसाहचर्याचे प्रयोग केले. पद्धत सोपी होती. ‘डोके’, ‘हिरवा’, ‘पाणी’ असे शंभर शब्द एकामागून एक उच्चारायचे, प्रत्येक शब्दाला मनात येईल तो पहिला शब्द समोरच्याने सांगायचा आणि त्याला लागलेला वेळ स्टॉपवॉचवर मोजायचा. यादी संपली की ती पुन्हा वाचून आधीची उत्तरे आठवायला लावायची. काही शब्दांपाशी माणूस अडखळे, शब्दच पुन्हा उच्चारी, उगाच हसे किंवा दुसऱ्या फेरीत आपले उत्तर विसरे. ही अडखळण विखुरलेली नसून विशिष्ट विषयांभोवती गोळा होते, असे युंग यांना दिसले. भावनेने भारलेल्या कल्पनांच्या अशा जुडग्याला त्यांनी गंड म्हटले. गंड जाणिवेच्या आज्ञेत नसतो. तो स्वतंत्र उपव्यक्तिमत्त्वासारखा वागतो. एका रुग्णालयात चोरी झाली तेव्हा संशय असलेल्या तीन परिचारिकांवर ही चाचणी घेऊन युंग यांनी दोषी कोण ते ओळखले आणि तिने कबुलीही दिली. ही हकीकत त्यांनी १९०९ मध्ये अमेरिकेत क्लार्क विद्यापीठातील व्याख्यानांत सांगितली. गंड ही संकल्पना युंग यांच्या सर्व संकल्पनांत सर्वांत भक्कम आहे, कारण ती मोजमापातून आली. पुढच्या संकल्पनांना असा आधार क्वचितच लाभला.

या प्रयोगांत, नकोशा इच्छा नेणिवेत दडपल्या जातात या फ्रॉइड यांच्या दमनसिद्धांताला पुष्टी मिळते असे युंग यांना वाटले. १९०६ मध्ये दोघांचा पत्रव्यवहार सुरू झाला, १९०७ मध्ये व्हिएन्नात भेट झाली. १९१० मध्ये आंतरराष्ट्रीय मनोविश्लेषण संघाचे पहिले अध्यक्षपद युंग यांच्याकडे आले. मतभेद मुख्यतः लिबिडोवरून झाले. फ्रॉइड यांच्या मते ती लैंगिक ऊर्जा, तर युंग यांच्या मते कोणत्याही कार्यात वळू शकणारी सर्वसाधारण मानसिक ऊर्जा. १९१२ च्या लिबिडोची रूपांतरे व प्रतीके या विषयावरील ग्रंथात युंग यांनी हा फरक उघड मांडला. १९१३ मध्ये संबंध तुटले आणि पुढच्या वर्षी त्यांनी अध्यक्षपद सोडले. आपल्या मार्गाचे वेगळेपण दाखवण्यासाठी ‘विश्लेषणात्मक मानसशास्त्र’ हे नाव त्यांनी याच काळात रूढ केले.

फारकतीचे बीज आधीच पडले होते. १९०९ च्या अमेरिका प्रवासात पडलेले एक स्वप्न युंग यांनी पुढे अनेकदा सांगितले. दुमजली घराच्या वरच्या मजल्यावर जुन्या श्रीमंती थाटाचा दिवाणखाना, खालचा मजला त्याहून जुना, तळघर रोमन काळातले आणि त्याच्याही खाली एक गुहा. तिच्यात हाडे, फुटकी मातीची भांडी आणि दोन कवट्या. फ्रॉइड यांनी त्या कवट्या कोणाच्या, हे विचारले. कोणाच्या तरी मृत्यूची इच्छा त्यांना त्यात शोधायची होती. युंग यांना त्या घरात मनाची रचना दिसली. वर जाणीव, तिच्याखाली व्यक्तीच्या आयुष्यात साठलेली वैयक्तिक नेणीव आणि सर्वांत तळाशी जन्मतःच मिळालेली सामूहिक नेणीव.

सामूहिक नेणिवेतील घडणीच्या साच्यांना युंग आदिबंध म्हणतात. आदिबंध म्हणजे वारशाने आलेली तयार प्रतिमा नव्हे, हे त्यांनी वारंवार बजावले आहे. वारसा येतो तो प्रतिमा घडवण्याच्या प्रवृत्तीचा. माता, वृद्ध ज्ञानी, दिव्य बालक, धूर्त खोडकर अशी रूपे निरनिराळ्या संस्कृतींच्या पुराणकथांत पुन्हापुन्हा येतात, ती याच प्रवृत्तीमुळे असे त्यांचे म्हणणे. लोकप्रिय लेखनात हा फरक सहसा गळून पडतो, आणि खुद्द युंगही लिहिण्याच्या ओघात तो कधीकधी विसरतात.

या सिद्धांताचा पुरावा म्हणून युंग एका रुग्णाचे उदाहरण देत. सूर्याला एक लिंग लोंबते व ते हलले की वारा निर्माण होतो, असे बुर्गहोल्झलीतील एका स्किझोफ्रेनियाच्या रुग्णाला दिसे. युंग यांना पुढे आल्ब्रेख्ट डीटरिख यांनी प्रसिद्ध केलेल्या प्राचीन मिथ्र-उपासनेच्या ग्रीक संहितेत जवळजवळ हेच वर्णन आढळले. पुस्तक १९१० चे, रुग्णाचे बोलणे १९०६ चे. मग रुग्णाला ते कुठून कळणार, असा त्यांचा युक्तिवाद होता. प्रत्यक्षात १९१० ची आवृत्ती दुसरी होती, पहिली १९०३ मध्येच निघाली होती. शिवाय रुग्णाची माहिती गोळा करण्यात योहान याकोब होनेगर या तरुण सहायकाचा वाटा होता, आणि नंतरच्या लेखनात तो नाहीसा झाला. रुग्ण १९०३ च्या आधीपासून रुग्णालयात होता, असे उत्तर समर्थकांनी दिले आहे. तरी एवढ्या मोठ्या सिद्धांताचा भार अशा एका उदाहरणावर टाकणे धोक्याचे होते, हे मान्य करावे लागते. सामूहिक नेणीव हा विज्ञानाने सिद्ध केलेला शोध नसून प्रतिमांचा अर्थ लावण्याची एक फलदायी रीत आहे, असे प्रस्तुत नोंदकाराचे मत आहे.

व्यक्तिमत्त्वाच्या वर्णनासाठी युंग यांनी काही ठळक संज्ञा दिल्या. समाजात वावरताना आपण धारण करतो तो मुखवटा. स्वतःतले जे आपल्याला नको असते आणि म्हणून दुसऱ्यात दिसते ती छाया. पुरुषाच्या मनातील स्त्रीरूप अ‍ॅनिमा आणि स्त्रीच्या मनातील पुरुषरूप अ‍ॅनिमस. शेवटच्या जोडीवर स्त्री-पुरुष स्वभावांच्या तत्कालीन स्विस मध्यमवर्गीय समजुतींची दाट छाप आहे. आजचे अनेक विश्लेषक ती लिंगनिरपेक्ष अर्थाने वापरतात किंवा वापरतच नाहीत. जाणीव-नेणीव मिळून होणाऱ्या समग्र मनाचे केंद्र म्हणजे ‘स्व’. त्याच्या मांडणीत उपनिषदांतील आत्मविचाराचे ऋण युंग यांनी मान्य केले आहे, आणि मंडल हे त्याचे प्रतीक मानले आहे. अहंकाराने या केंद्राशी नाते जोडत जाण्याच्या, म्हणजे माणसाने आपल्या स्वतःच्या घडणीप्रमाणे पूर्ण होत जाण्याच्या प्रक्रियेला व्यक्तीभवन म्हणतात. ते प्रामुख्याने आयुष्याच्या उत्तरार्धाचे काम होय.

१९२१ च्या मनोवैज्ञानिक प्रकारांवरील ग्रंथात अंतर्मुख व बहिर्मुख या दोन वृत्ती आणि विचार, भावना, संवेदन व अंतःप्रज्ञा ही चार कार्ये यांच्या मिलाफातून आठ प्रकार सांगितले आहेत. कॅथरिन ब्रिग्ज व तिची मुलगी इसाबेल ब्रिग्ज मायर्स यांनी त्यावरून अमेरिकेत प्रश्नावली तयार केली. नोकरभरतीपासून प्रशिक्षण-शिबिरांपर्यंत ती पसरली. चार अक्षरांचा शिक्का कपाळी मारून माणसे वाटण्याचा हा उद्योग मूळ ग्रंथाच्या हेतूशी फारसा जुळत नाही. कोणते कार्य दुबळे राहिले आहे आणि ते नेणिवेतून कसे डोके वर काढते, याकडे युंग यांचे लक्ष अधिक होते.

उपचाराची पद्धत. फ्रॉइड यांच्या कोचाऐवजी इथे दोन समोरासमोरच्या खुर्च्या असतात. भेटीही सहसा आठवड्यातून एकदोनदाच. कबुली, उकल, शिक्षण व परिवर्तन असे उपचाराचे चार टप्पे युंग यांनी १९२९ मध्ये सांगितले. मात्र प्रत्येक रुग्णाला चारही लागतात असे नाही. मुख्य साधन स्वप्न. ते काही लपवत नाही, जाणिवेच्या एकांगीपणाला पूरक अशी बाजू दाखवते, अशी भूमिका असल्याने विश्लेषक आधी विचारतो की, या माणसाच्या जागेपणीच्या कोणत्या ताठरपणाला हे स्वप्न उत्तर देत आहे? स्वप्नातली व्यक्ती ही खरी बाहेरची व्यक्ती, की स्वप्न पाहणाऱ्याचाच एखादा अंश, हे दोन्ही अर्थ तपासले जातात. एकट्या स्वप्नापेक्षा स्वप्नमालिकेला महत्त्व असते. वुल्फगांग पाउली या भौतिकशास्त्रज्ञाच्या स्वप्नांची मोठी मालिका युंग यांनी १९४४ च्या किमयाविषयक ग्रंथात नाव न सांगता वापरली. प्रतिमेचा अर्थ खुलवण्यासाठी रुग्णाच्या आठवणींबरोबर पुराणकथा, लोककथा व धार्मिक प्रतीकेही समोर ठेवली जातात. ही पद्धत जितकी समृद्ध तितकीच घसरडी आहे: विश्लेषक बहुश्रुत असला की रुग्णाचे स्वप्न त्याच्या वाचनाखाली दबते.

दुसरे साधन क्रियाशील कल्पना. जागेपणी चित्त शिथिल करून उमटणाऱ्या प्रतिमांशी संवाद करायचा, मग त्या लिहायच्या, रंगवायच्या, मातीत घडवायच्या. युंग यांनी १९१३ पासून हा प्रयोग स्वतःवर केला आणि त्यातून निघालेला मजकूर चित्रांसह लाल चामड्याच्या मोठ्या वहीत उतरवला. ज्यांची वास्तवाची पकड सैल आहे अशांसाठी ही रीत धोक्याची असल्याचेही सांगितले जाते. डोरा काल्फ यांनी मुलांसाठी वाळूच्या पेटीत छोट्या वस्तूंनी देखावे मांडण्याची उपचारपद्धती तयार केली, ती याच विचारातून.

विश्लेषकाने आधी स्वतःचे विश्लेषण करून घ्यावे, हा आग्रह प्रथम धरणाऱ्यांत युंग होते. त्यांचे स्वतःचे वर्तन मात्र नेहमी या कसोटीला उतरले नाही. १९०४ मध्ये बुर्गहोल्झलीत दाखल झालेल्या साबिना श्पीलराइन या रुग्णाशी त्यांचे जवळचे नाते जडले. पुढे त्या स्वतः मनोविश्लेषक झाल्या. १९४२ मध्ये रोस्तोव येथे नाझींनी त्यांची हत्या केली.

भारताशी युंग यांचा संबंध ग्रंथांतून सुरू झाला. १९२१ च्या ग्रंथात ब्राह्मणी परंपरेतील द्वंद्वविचारावर दीर्घ विवेचन आहे. १९३२ मध्ये झुरिकमध्ये कुंडलिनी योगावर परिसंवाद झाला. पाश्चात्त्यांनी योग जसाच्या तसा उचलू नये, असा इशारा देणारा त्यांचा लेख १९३६ मध्ये कोलकात्याच्या प्रबुद्ध भारत या नियतकालिकाने छापला. भारतीय विज्ञान परिषदेच्या रौप्यमहोत्सवाच्या निमंत्रणावरून ते डिसेंबर १९३७ मध्ये मुंबईला उतरले. सांचीच्या स्तूपाने ते भारावले, कोलकात्यात आमांशाने रुग्णालयात पडले. रमण महर्षींना भेटण्याचे त्यांनी टाळले, आणि प्रवासभर युरोपीय किमयेचा एक जुना लॅटिन ग्रंथ वाचत राहिले. गिरींद्रशेखर बोस यांच्यामुळे भारतात १९२२ पासूनच फ्रॉइडप्रणीत संघटना होती. युंग यांचा विचार इथे दवाखान्यापेक्षा साहित्यविचारात जास्त रुजला. मराठीत म. सु. पाटील यांनी आदिबंधात्मक समीक्षेची मांडणी केली.

या प्रणालीवरचा सर्वांत गंभीर आक्षेप राजकीय आहे. १९३३ मध्ये जर्मनीतील मानसोपचार संघटनेचे अध्यक्षपद युंग यांनी स्वीकारले. संघटनेला आंतरराष्ट्रीय रूप देऊन ज्यू डॉक्टरांना वैयक्तिक सदस्यत्वाची वाट त्यांनी ठेवली, हे खरे. पण १९३४ मध्ये त्यांनी आर्य व ज्यू नेणिवेत भेद करणारा लेख लिहिला, हेही तितकेच खरे, आणि त्या काळात अशा लेखाचा अर्थ काय होईल हे न कळण्याइतके ते भोळे नव्हते. आफ्रिकी व इतर समाजांना ‘आदिम’ ठरवणाऱ्या त्यांच्या विधानांवर फरहाद दलाल यांनी १९८८ मध्ये सविस्तर टीका केली. तीस वर्षांनी, २०१८ मध्ये, अनेक युंगपंथी विश्लेषकांनी खुले पत्र लिहून त्या विधानांबद्दल खेद व्यक्त केला.

या प्रणालीची झुरिकमधील प्रशिक्षण-संस्था १९४८ मध्ये, तर तिच्या विश्लेषकांची आंतरराष्ट्रीय संघटना १९५५ मध्ये स्थापन झाली. अँड्र्यू सॅम्युएल्स यांनी १९८५ मध्ये अनुयायांचे तीन प्रवाह दाखवले: मूळ मांडणीला धरून चालणारा, मायकेल फोर्डम यांचा, बाल्यावस्था व विश्लेषक-रुग्ण नात्यावर भर देणारा, आणि जेम्स हिलमन यांचा, ‘स्व’ऐवजी प्रतिमेलाच केंद्रस्थानी ठेवणारा. युंग यांची लाल वही त्यांच्या वारसांनी दीर्घकाळ बंद ठेवली होती. सोनू शामदासानी यांच्या संपादनाने ती २००९ मध्ये प्रसिद्ध झाली, आणि तिच्या मुळाशी असलेल्या काळ्या वह्या २०२० मध्ये सात खंडांत आल्या. युंग यांच्या प्रौढ सिद्धांतांतील किती भाग रुग्णांकडून आला आणि किती त्यांच्या स्वतःच्या कल्पनाप्रयोगांतून, हे तपासण्याची सोय आता अभ्यासकांना झाली आहे.