पालवा बंदरावरील मंडप

टिटवाळ्यास ज्यांचें घर आहे त्यांच्याकडे येणाऱ्या पाहुण्यांचा एक क्रम ठरलेला असतो. सकाळीं महागणपतीचें दर्शन, देवळालगतच्या तळ्यावर घटकाभर विसांवा, आणि दुपारीं आगगाडीनें मुंबई गांठून 'गेटवे ऑफ इंडिया'. माझी एक वृद्ध आत्या याच क्रमानें एकदां त्या कमानीखालीं येऊन उभी राहिली. तिनें मान वर करून सर्व नीट पाहून घेतलें आणि मला विचारलें, "अरे, हें जर दार, तर याची भिंत कोठें?" मी त्या वेळीं हंसलों. पुढें या वास्तूचा इतिहास वाचूं लागलों तेव्हां ध्यानांत आलें कीं, आत्यानें नेमकें मर्मावर बोट ठेविलें होतें.

भिंत होती, पण दार येण्यापूर्वींच ती गेली. मुंबईच्या जुन्या कोटाला तीन वेशी होत्या: चर्चगेट, बझारगेट आणि अपोलो गेट. १८६२ सालीं गव्हर्नर झालेल्या सर बार्टल फ्रिअर यांच्या कारकीर्दींत हा कोट पाडण्यांत आला आणि खरी वेस नाहींशी झाली. मागें उरलें तें अपोलो बंदर, मराठी माणसाचें पालवा बंदर. कोळ्यांच्या होड्या लागण्याची ही साधी जागा. पुढें गव्हर्नर आणि इतर बडे पाहुणे उतरावयाचे म्हणून ती सुधारण्यांत आली. वेस पाडल्यावर सुमारें अर्ध्या शतकानें त्याच किनाऱ्यावर दुसरें दार उभें करण्याचें ठरलें, तें मात्र कोणाला आंत घेण्यासाठीं वा बाहेर ठेवण्यासाठीं नव्हे, एका आगमनाचें स्मारक म्हणून.

तें आगमन २ डिसेंबर १९११ रोजीं झालें. पांचवे जॉर्ज बादशहा आणि राणी मेरी दिल्ली दरबाराकरितां आले आणि पालव्यावर उतरले. कोनशिला गव्हर्नर सर जॉर्ज सिडनहॅम क्लार्क यांनीं बसविली. परंतु तिच्यावर काय उभारावयाचें, याचा अखेरचा आराखडाच तोंवर मंजूर नव्हता. तेव्हां बादशहांना पाहावयास मिळाली ती पुठ्ठ्याची प्रतिकृति! आराखडा मंजूर झाला १९१४ च्या ऑगस्टांत, म्हणजे युरोपांत महायुद्धाचा वणवा पेटला त्याच महिन्यांत. १९१५ ते १९१९ या काळांत समुद्र हटवून जमीन करण्यांत आली, नवा धक्का बांधला गेला. १९२० सालीं पाया पुरा झाला. आणि ४ डिसेंबर १९२४ रोजीं व्हाइसरॉय लॉर्ड रेडिंग यांनीं उद्घाटन केलें. ज्यांच्या उतरण्याची आठवण म्हणून हें दार, ते उतरून तेरा वर्षें आणि दोन दिवस लोटले होते. बादशहा त्यांतून कधींच आले नाहींत.

वास्तुशिल्पी जॉर्ज विटेट. मुंबईचें वस्तुसंग्रहालयही त्यांचेंच. तेथें त्यांनीं विजापूरच्या गोलघुमटाकडे पाहिलें, आणि पालव्यावर सोळाव्या शतकांतील गुजरातच्या सुलतानी वास्तूंकडे. कल्पना रोमन विजयकमानीची, पण अंगावरचें लेणें अहमदाबादचें. पिवळसर बेसाल्ट दगड आणि सिमेंट-काँक्रीट यांची ही बांधणी. कमानीची उंची सुमारें ८५ फूट. दगडी जाळ्या ग्वाल्हेरहून आणल्या. माथ्यावर चार मनोरे दिसतात. मधला घुमट मात्र बाहेरून पाहणाऱ्यास सहसा जाणवत नाहीं. कमानीखालीं उभें राहून वर दृष्टि टाकावी, म्हणजे ४८ फूट व्यासाचा तो विस्तार कळतो. दोन्ही बाजूंस प्रत्येकीं सहाशें माणसें मावतील अशीं दोन दालनें आहेत, तीं स्वागतसमारंभांसाठीं.

माझ्या मतें या वास्तूची खरी ओळख या दालनांत आहे. नुसत्या कमानीस दालनें लागत नाहींत. पाण्याकडे उतरणाऱ्या पायऱ्या, वर घुमट, दोहों बाजूंस बसावयाची जागा, जाळींतून खेळणारा वारा: हा तर जलतीरावरील मंडप! नांव दाराचें, पण बांधा मंडपाचा. खर्च आला सुमारें २१ लक्ष रुपये, आणि पैसा अपुरा पडल्यामुळें समोरून येणारा भव्य राजमार्ग झालाच नाहीं. म्हणून आजही ती येणाऱ्या रस्त्याशीं तिरकी उभी दिसते. पॅरिसच्या विजयकमानीला बारा रस्ते येऊन मिळतात. आमच्या कमानीला नीट असा एकही नाहीं. अनेकांना हें व्यंग वाटतें. मला तें वाटत नाहीं. राजमार्ग झाला असता तर मिरवणुकी झाल्या असत्या. तो न झाल्यामुळें मोकळें मैदान राहिलें आणि तें फुगेवाले, छायाचित्रकार आणि आमच्यासारखे पाहुणे यांच्या वांट्याला आलें.

या दारांतून झालेलें सर्वांत स्मरणीय गमन २८ फेब्रुवारी १९४८ चें. सॉमरसेट लाइट इन्फंट्रीची पहिली पलटण, म्हणजे हिंदुस्थानांतील अखेरची ब्रिटिश फौज, मानवंदना स्वीकारून याच कमानीखालून बोटींकडे गेली. निरोपाची भेट म्हणून भारतीय सैन्यानें त्या पलटणीला या वास्तूची रुप्याची प्रतिकृति दिली. येणाऱ्या बादशहाला पुठ्ठ्याची आणि जाणाऱ्या शिपायांना रुप्याची! २६ जानेवारी १९६१ रोजीं समोरच्या उद्यानांत शिवछत्रपतींचा अश्वारूढ पुतळा आला. कमानीवरील लेख मात्र अद्यापि १९११ च्या त्या आगमनाचेंच स्मरण सांगत आहे, आणि तो तसाच राहूं दिला हें योग्य झालें. खोडलेल्या अक्षरांपेक्षां वाचतां येणारीं अक्षरें इतिहासाला अधिक उपयोगी.

घारापुरीच्या बोटी येथूनच सुटतात. २००३ चा बाँबस्फोट आणि २००८ चा हल्ला यांनंतर येथें कठडे आणि पहारे आले. मुंबईच्या वारसा-यादींत या वास्तूला पहिली श्रेणी आहे, आणि तिची देखभाल राज्याच्या पुरातत्त्व खात्याकडे आहे. २०२३ सालच्या तपासणींत दर्शनी भागावर वरवरच्या भेगा दिसल्या, कांहीं जागीं दगडांच्या फटींत झाडें उगवलेलीं आढळलीं. मूळ बांधणी मात्र सुस्थितींत असल्याचें सांगण्यांत आलें. खाऱ्या वाऱ्यांत शंभर वर्षें उभ्या असलेल्या दगडाला एवढें व्हावयाचेंच. परंतु फटींतलें रोप वेळीं उपटलें नाहीं तर तें मूळ धरतें, हें टिटवाळ्याच्या कोणत्याही जुन्या वाड्याच्या मालकास ठाऊक आहे.

आत्या त्या दिवशीं कमानीच्या सावलींत बराच वेळ बसून राहिली. मी घाई करूं लागलों तेव्हां म्हणाली, "थांब रे, आपल्या तळ्यावर बसावें तसें बरें वाटतें आहे." आमची कसाऱ्याची गाडी चुकली, पुढली मिळेपर्यंत दिवे लागले होते.